काळाच्या थांब्यावर कॉफी

कालप्रवास म्हटला की आपल्या डोळ्यांपुढं एखादं यंत्र येतं. एच. जी. वेल्स साहेबांनी १८९५ साली असं यंत्र कादंबरीत आणलं आणि आपल्या प्रवाशाला थेट सन ८०२७०१ मध्ये नेऊन उतरवलं. तेव्हापासून लेखकमंडळींना लांब पल्ल्याची चटकच लागली. जपानच्या तोशिकाझु कावागुचींनी मात्र काटकसर केली. त्यांनी यंत्र मोडीत काढलं आणि तिथं एक खुर्ची ठेवली. खुर्चीपुढं टेबल, टेबलावर कप. झाला कालप्रवास!

मुळात हे नाटक. २०१५ साली त्याची कादंबरी झाली आणि २०१९ मध्ये ती इंग्रजीत आली. नावाचा अर्थ, 'कॉफी गार होण्याआधी'. टोकियोतल्या एका तळघरात 'फुनिकुली फुनिकुला' नावाचं कॅफे आहे. खिडकी एकही नाही. घड्याळं तीन, आणि तिन्हींत वेगवेगळे वाजलेले! घड्याळांचंच जिथं आपसांत पटत नाही, तिथं काळाला शिस्त कोण लावणार?

पण नियम मात्र कडक. त्या खुर्चीत पांढऱ्या पोशाखातली एक बाई सदानकदा पुस्तक वाचत बसलेली असते. ती भूत आहे. दिवसातून एकदा ती संडासला जाते, तेवढ्यात जागा पकडायची. आमच्या पिंपळावरच्या भुतांना अशी काही निकड असल्याचं ऐकिवात नाही. पण जपानी मंडळी स्वच्छतेला जपतात म्हणे. जबरदस्तीनं उठवायला जाल, तर ती शाप देते. एकदा बसलात की उठायचं नाही. पूर्वी या कॅफेत येऊन गेलेल्या माणसालाच भेटता येतं. म्हणजे नेपोलियनला भेटायचं असेल तर त्यानं आधी इथं कॉफी घेतलेली असायला हवी. कप गार व्हायच्या आत रिकामा करून परत यायचं. नाहीतर तुमचंही भूत होणार. आणि सर्वांत मोठा नियम असा, की तिकडं जाऊन काहीही करा, वर्तमान तसूभरही बदलायचं नाही.

हे ऐकून कुणीही व्यवहारी माणूस विचारील, "मग जायचं कशाला?" वास्तविक पाहता सारी कादंबरी या एका प्रश्नाच्या उत्तरासाठी लिहिलेली आहे.

फुमिको आठवडाभर मागं जाते. तिचा गोरो अमेरिकेला गेलाय, तो काही थांबत नाही. फक्त 'तीन वर्षं वाट बघ' एवढं त्याच्या तोंडून तिला ऐकायला मिळतं. कोहताकेबाईंच्या नवऱ्याला विस्मृतीचा आजार. बायको कोण, हेच तो विसरलाय. बाई नर्स असल्यामुळं त्या नर्स होऊनच त्याची काळजी घेतात. मागं जाऊन त्या त्याचं न दिलेलं पत्र आणतात. त्यात त्यानं लिहिलेलं असतं, की तू माझी नर्स म्हणून राहू नकोस. पत्र वाचून आजार हटत नाही. पण त्या दिवसापासून बाई नवऱ्याचं आडनाव पुन्हा लावू लागतात. हिराईची धाकटी बहीण तिला घरी न्यायला सारखी यायची. शेवटच्या खेपेला ही तिला चुकवून काउंटरखाली लपली, आणि परतताना बहीण अपघातात गेली. तीन दिवस मागं जाऊन हिराईला तिला वाचवता येत नाही. समोर बसून बोलता तेवढं येतं.

आता दोष. कावागुची नियम सांगून दमत नाहीत. प्रत्येक गोष्टीत तेच नियम पुन्हा, शाळेत पाढे म्हणावेत तसे. नाटकात उशिरा आलेल्या प्रेक्षकासाठी ते ठीक होतं. कादंबरीचा वाचक उशिरा येत नाही, तो पान उलटून मागं जाऊ शकतो. शिवाय रडू जरा जास्तच. कुणाचे डोळे कोरडे दिसले की लेखक अस्वस्थ होतात.

तरीही ही कॉफी मी आवडीनं प्यालो. कारण जादू म्हणजे वाटेल ते होणं, हा आपला समज इथं उलटा केलाय. इथली जादू माणसाचे हात बांधते आणि तोंड तेवढं मोकळं ठेवते. मग कळतं, की आपल्या बहुतेक खंती करायच्या राहून गेलेल्या गोष्टींच्या नसतात. बोलायच्या राहून गेलेल्या गोष्टींच्या असतात. आणि तेवढ्याला एक कप पुरतो.

त्या पांढऱ्या पोशाखातल्या बाई मेलेल्या नवऱ्याला भेटायला गेल्या होत्या. त्यांना निघवलं नाही, आणि कॉफी गार झाली. सगळ्या पुस्तकात त्यांच्याइतकं कमी कुणी बोलत नाही, आणि कादंबरीतला सर्वांत मोठा इशारा त्यांचाच आहे. भूतकाळात जायला हरकत नाही. मुक्काम करू नये.