अडलेली गाय

माळशेजकडून ढग उतरला की मढला समोरचं पिंपळगाव जोगे धरणही दिसत नाही. अशाच एका आषाढी संध्याकाळी मी 'दिठी' दुसऱ्यांदा पाहिला. सिनेमातला पाऊस कोणता आणि आमच्या पत्र्यावरचा कोणता, कळेना. शेजारी चुलते होते. त्यांचं निम्मं लक्ष गोठ्याकडे.

पटकथा आणि दिग्दर्शन सुमित्रा भावे यांचं. मूळ कथा दि. बा. मोकाशींची, 'आमोद सुनासि आले'. तीस वर्षं वारी केलेल्या रामजी लोहाराचा तरणा मुलगा बुडून जातो आणि रामजीचं विठ्ठलाशी बोलणंच तुटतं. एवढ्या ऐवजावर रडारडीचा सिनेमा सहज निघाला असता. भाव्यांनी रामजीला काम दिलं. शेजारची सगुणा गाय अडलीय, आणि अडलेलं जनावर सोडवावं तर रामजीनंच. रामजी झालेल्या किशोर कदमच्या चेहऱ्यावर त्या वेळी शोक असतो, पण हाताला तो ठाऊक नसतो. इथे पटकथा संवाद मागे घेते. गाईचं कण्हणं, माणसांचे श्वास, पाऊस, बस्स. सिनेमातली पोथीवाचनाभोवतीची चर्चा मला जरा लांबलेली वाटते, पण ती ऐकल्यावरच गोठ्यातली ही शांतता अंगावर येते.

हे भाव्यांना कुठून सुचलं? त्या मूळच्या समाजशास्त्राच्या. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवत. झोपडपट्टीतल्या बायकांचं जगणं समजून घेता घेता 1985 मध्ये 'बाई' हा लघुपट झाला. पुढे सुनील सुकथनकरांच्या साथीनं 'दोघी', 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'अस्तु', सुवर्णकमळ मिळवणारा 'कासव'. माणूस काय बोलतो याच्याआधी तो हातानं काय करतो, ही नोंद घ्यायची सवय त्या संशोधनातली असावी.

हातांच्या या कामावरून जपानच्या पटकथाकार नात्तो वादा आठवतात. पती कोन इचिकावांसाठी त्यांनी 1956 चा 'द बर्मीज हार्प' लिहिला, तोही कादंबरीवरून. तिथला सैनिक भिक्षू होतो आणि बेवारस प्रेतं पुरत राहतो. तिथे पुरणं, इथे सोडवणं.

भावे 19 एप्रिल 2021 ला गेल्या; 'दिठी' लोकांसमोर आला तो त्यानंतर महिन्याभरानं.

सिनेमात वासरू बाहेर आलं तेव्हा चुलते पहिल्यांदा बोलले, "हात बराबर घातला गड्यानं." मग बॅटरी घेऊन उठले. आमच्याही गाईचे दिवस भरत आले होते.