मेळाव्यावाचूनचा पोवाडा

दिल्लीच्या पहाडगंजात मराठी शाळा आहे, बृहन्महाराष्ट्र भवन आहे. नाही तो मुंबईचा प्रयोग. देहाने घडणारी कला समोर असणाऱ्यालाच लाभते. म्हणूनच असा कलावंत चित्र, शिल्प आणि चित्रपट यांकडे वळतो, तेव्हा त्याच्या अष्टपैलुत्वाचे कौतुक करून थांबणे पुरेसे नाही. पहिले माध्यम त्याला अपुरे का पडले, हे पाहिले पाहिजे.

मुंबईचे अमोल के. पाटील (जन्म १९८७) यांच्या निमित्ताने हा प्रश्न विचारावासा वाटतो. आजोबा पोवाडे रचणारे, वडील नाटककार. नातू मात्र सादरीकरणाबरोबरच रेखाटन, ब्राँझशिल्प व चलच्चित्र हाताळणारा.

पोवाड्याला दोन गोष्टी लागतात : नाव घेण्याजोगा नायक आणि समोर जमलेला समुदाय. अण्णा भाऊ साठे, अमर शेख यांच्या काळी गिरणगावात हा समुदाय हाकेच्या अंतरावर होता. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले. पुढे गिरण्या बंद पडत गेल्या आणि तो श्रोतृवर्ग विखुरला. शाहिराच्या नातवाला डफ हाती घेता येईल. पण त्याच्यासमोर कोण उभे राहील? पाटील यांचे माध्यमांतर मला या प्रश्नातून उद्भवलेले दिसते. ती केवळ हौस नव्हे.

२०२२ साली जर्मनीतील कासेल येथे भरलेल्या पंधराव्या 'डॉक्युमेंटा' प्रदर्शनात त्यांनी 'ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स' ही कृती मांडली. झाडू मारणारा देह एरवी कोणाच्या नजरेस पडत नाही; तोच चाकांच्या बुटांवर आला की पाहावाच लागतो. २०२३ मध्ये लंडनच्या हेवर्ड गॅलरीत मुंबईच्या चाळींतील जीवन हाच त्यांचा विषय होता. येथील ब्राँझ लक्षणीय आहे. आपल्या चौकांतून हा धातू राजांना आणि पुढाऱ्यांना वाहिलेला. तो श्रमिकाच्या अवयवांना मिळणे म्हणजे पुतळ्यांचा क्रमच उलटणे होय.

तथापि एक उणीव नोंदविल्यावाचून राहवत नाही. पोवाडा नायकाचे नाव घेतो. शिल्पातील हात-पाय अनाम राहतात. ते कोणाचे, हे परदेशी प्रेक्षकाला भिंतीवरच्या टिपणातून कळते. ज्यांच्या देहाची ही कथा, त्यांची भाषा तेथे तळटीप होऊन बसते. शाहिराने तळटीप कधी जोडली नव्हती. त्याच्या श्रोत्यांना ती लागतही नव्हती.

मात्र चित्रफितीला प्रवास करता येतो. पहाडगंजातल्या एखाद्या सभागृहात पडदा टांगून ती दाखविली, आणि समोरच्या स्थलांतरितांपैकी कोणी त्या अनाम देहाला मराठीत नावाने हाक मारली, तर विखुरलेला मेळावा क्षणभर पुन्हा भरेल. या माध्यमांतराचे यशापयश मोजावयाचे ते तेथे, कासेलला नव्हे.