भगिनी निवेदितांचे वाङ्मय

भगिनी निवेदिता यांचे नाव आपल्याकडे आदराने घेतले जाते. त्यांचे ग्रंथ मात्र क्वचितच वाचले जातात. विवेकानंदांच्या शिष्या या एका ओळखीत त्यांच्यातील लेखिका झाकली गेली आहे. तिचा विचार करावयाचा, तर भक्तिभाव बाजूस ठेवून या ग्रंथांना वाङ्मयीन कसोटी लावणे अवश्य आहे.

मार्गारेट नोबल यांचा जन्म १८६७ साली आयर्लंडमधील डंगॅनन येथे झाला. लंडनमध्ये शिक्षिका म्हणून लौकिक मिळविल्यावर १८९८ च्या जानेवारीत त्या कलकत्त्यास आल्या आणि त्याच वर्षी बागबाजारच्या बोसपाडा गल्लीत त्यांनी मुलींची शाळा काढली. १९११ साली दार्जिलिंग येथे त्यांचे निधन झाले. तोपर्यंत, परदेशप्रवासाचा काळ वगळता, ही गल्लीच त्यांचे कार्यक्षेत्र होती.

‘द वेब ऑफ इंडियन लाइफ’ (१९०४) हा त्यांचा गाजलेला ग्रंथ. मिशनऱ्यांनी रंगविलेल्या हिंदू समाजाच्या विपरीत चित्रास उत्तर देण्याच्या ईर्ष्येने तो लिहिला गेला. हेच त्याचे सामर्थ्य व हीच त्याची मर्यादा होय. कुटुंब, वैधव्य, जाती या सर्वांतून तेथे आदर्श तेवढा प्रकट होतो. त्या व्यवस्थेची झळ सोसणारी व्यक्ती दिसेनाशी होते. विशेष हे की, अंतःपुरातील जीवनाचे असे उदात्तीकरण करणारी लेखिकाच १९०३ पासून विवाहित स्त्रियांना व विधवांना शिकविण्यासाठी झिजत होती. तिच्या शाळेने जी उणीव ओळखली, ती तिच्या ग्रंथाने मान्य केली नाही.

वकिली सुटली की मात्र हीच लेखणी निराळी होते. पूर्व बंगालमधील १९०६ च्या दुष्काळ व महापुरावरील लेखांत भाताच्या जागी आलेल्या तागाने शेतकऱ्याचे अन्न कसे हिरावले, याची मीमांसा करताना ती अलंकार विसरते. ‘द मास्टर अॅज आय सॉ हिम’ (१९१०) या नावातच ‘मला दिसले तसे’ ही प्रामाणिक मर्यादा आहे. म्हणूनच गुरूशी झालेला वैचारिक संघर्षही तेथे लपविलेला नाही. मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या ‘स्टडीज फ्रॉम अॅन ईस्टर्न होम’ (१९१३) मधील गच्ची, सण, शेजार व प्लेग यांची चित्रे तर बागबाजारच्या मातीतूनच उगवलेली आहेत. ‘फूटफॉल्स ऑफ इंडियन हिस्टरी’ (१९१५) मधील अजिंठ्यावरील लेख मराठी वाचकास विशेष जवळचा वाटावा. लेण्यांची रचना निरखून तेथील भिक्षूंचे जीवन उभे करण्याचा तो प्रयत्न आहे.

निवेदितांनी भारताची बाजू मांडली तेव्हा त्या प्रभावी प्रचारक ठरल्या. त्यांनी भारत पाहिला तेव्हा त्या साहित्यिक झाल्या. अनुवादकांची दृष्टी आजवर पहिल्या भूमिकेवरच अधिक खिळली आहे. दुसरीस मराठीत यथोचित स्थान देणे, हे त्या नावाविषयीच्या आदराचे अधिक सार्थ रूप ठरेल.