तेजा नेमका कोणता? : एका हार्डकोअर अल्बमची खूण

वेग आणि किंकाळी हे हार्डकोअर पंकचे व्याकरण. ते मोडणारा ठळक प्रयोग म्हणजे अमेरिकेतल्या ‘ब्लॅक फ्लॅग’चा ‘माय वॉर’ (१९८४). त्याच्या दुसऱ्या बाजूची तिन्ही गाणी सहा मिनिटांहून लांब आणि मुद्दाम संथ. वेगाच्या चाहत्यांना ती खटकली. पण ‘मेल्विन्स’, ‘मडहनी’ यांना पुढची वाट त्याच संथपणात सापडली.

मुंबईच्या ‘स्क्राइब’ने २०१० साली ‘मार्क ऑफ तेजा’मध्ये दुसराच नियम मोडला : गंभीरपणाचा. अल्बमच्या नावातला तेजा ‘अंदाज अपना अपना’ (१९९४) या चित्रपटातला. परेश रावल यांनी तिथे जुळ्या भावांची दुहेरी भूमिका केली आहे. त्यांतला तेजा कोणता, हे खुणेवरून ओळखायचे. भारतीय रॉकवर ‘नक्कल’ हा आरोप जुनाच. नक्कल आणि अस्सल यांच्या गोंधळावर बेतलेला विनोदच शीर्षकाला घेऊन हा अल्बम त्या आरोपाला उत्तर देतो, असे मला वाटते.

ही अडचण मला परकी नाही. गोरेगाव म्हटले की ऐकणाऱ्याच्या मनात मुंबईचे उपनगर येते. आम्हाला पुढे ‘हिंगोली जिल्हा’ ही खूण जोडावी लागते.

या अल्बममध्ये किंकाळी खरी आहे आणि थट्टाही खरी आहे. एकीने दुसरी पातळ होत नाही. आपल्याकडे तमाशाच्या बतावणीत सोंगाड्या हेच करतो : हसवता हसवता वर्मावर बोट ठेवतो. ‘स्क्राइब’ने बतावणी ऐकली होती, असा माझा दावा नाही. रागाला विनोदाचे वावडे नसते, हे दोघांनाही कळले होते, एवढेच.

‘स्क्राइब’चाच पुढचा अल्बम ‘हेल मोगॅम्बो’ (२०१४) याच वाटेने गेला. पण मला या प्रयोगाचा टिकाऊ ठसा त्या खलनायकांच्या नावांत दिसत नाही. परक्या घाटाच्या संगीतात घरचा संदर्भ खुलासा न देता वापरता येतो, ही मोकळीक त्याने दिली. ठसा तिचा आहे.

मर्यादाही तिथेच आहे. मुंबईच्या या किंकाळीची भाषा मुख्यतः इंग्रजी, थट्टेची हिंदी. ‘गोलपिठा’ने १९७२ सालीच मुंबईच्या तळातली बोली मराठी कवितेच्या मध्यभागी आणली होती. हा वारसा असलेल्या मराठीला या संगीतात श्रोत्याचीच जागा का मिळावी? ‘मार्क ऑफ तेजा’ ऐकताना मला हाच प्रश्न छळतो, आणि तो संगीतकारांइतकाच आपल्या कवींनाही विचारला पाहिजे.