दोन आक्रोश आणि एक संज्ञा

मराठी चित्रपटसमीक्षेत रूढ असलेल्या ‘पार्श्वसंगीत’ या संज्ञेत एक सिद्धांत गृहीत धरलेला आहे. दृश्य पुढे, संगीत मागे. दृश्याने भाव प्रकट करावा आणि संगीताने त्यास दुजोरा द्यावा, असा तो सिद्धांत होय. व्यावसायिक चाकोरीबाहेर निर्माण झालेले दोन बंगाली चित्रपट त्याची कसोटी पाहतात.

सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’त (१९५५) हरिहर गावी परततो आणि दुर्गेच्या मृत्यूची वार्ता नसल्यामुळे तिच्यासाठी आणलेली साडी पत्नीपुढे धरतो. सर्वजयेचा बांध फुटतो. पण तिचा आक्रोश प्रेक्षकाच्या कानी पडत नाही. त्याच्या जागी तारशहनाईचे उंच स्वर येतात. रविशंकर यांनी एका रात्रीच्या बैठकीत सिद्ध केलेल्या या संगीतातील हा प्रसंग सर्वपरिचित आहे. येथे संगीत आक्रोशाच्या पाठीशी उभे नाही, ते त्याच्या स्थानी आले आहे.

दारिद्र्यातील शोक सुस्वर करणे म्हणजे त्याची धार बोथट करणे होय, असा आक्षेप यावर संभवतो, आणि तो अगदीच निराधार म्हणता येणार नाही. तथापि सर्वजयेच्या मुद्रेवरील वेदना रायांनी किंचितही सौम्य केलेली नाही. डोळ्यांना जो आक्रोश दिसतो तो कानांना मिळत नाही. साहजिकच प्रेक्षकाला तो स्वतःच्या मनात पूर्ण करावा लागतो. शोकाचे रमणीयीकरण या विसंगतीमुळेच टळते.

ऋत्विक घटक यांच्या ‘मेघे ढाका तारा’तील (१९६०) योजना याच्या उलट आहे. सनतने केलेली प्रतारणा उमगून नीता जिना उतरू लागते, तेव्हा चाबकाचा फटकारा ऐकू येतो. दृश्यात चाबूक कोठेच नाही. एवढ्यावर हे थांबले असते, तर ही क्लृप्ती ढोबळ ठरली असती. परंतु पुढे नीता भावासह रवींद्रनाथांचे गीत गाते, तेव्हा तोच फटकारा गीतावर येऊन आदळतो. पहिल्या वेळी जो केवळ आघात होता, तो आता स्मृती झालेला असतो. अखेरीस शिलाँगच्या डोंगरांत जगू पाहणाऱ्या नीतेचा आक्रोश घटक कशानेही झाकत नाहीत. तो दऱ्याखोऱ्यांतून घुमत राहतो.

हे दोन्ही निर्णय दिग्दर्शनाचेच अंग आहेत. ‘तीन कन्या’पासून (१९६१) राय स्वतःच आपल्या चित्रपटांची संगीतरचना करू लागले, यालाही या दृष्टीने अर्थ आहे. संगीत दृश्याला अनुरूप आहे काय, एवढे विचारून समीक्षकाचे कार्य संपत नाही. काय ऐकू दिले, काय नाकारले आणि त्यामुळे दुःखाचे रूप कसे पालटले, याचा शोध त्याने घेतला पाहिजे. त्या शोधाला ‘पार्श्वसंगीत’ ही संज्ञा अपुरी पडते.