बोलण्याचे अंतर

कवितासंग्रहाची समीक्षा होते, नाटकाची होते, गवयाच्या तानांचीही होते. मग छायाचित्रकाराच्या भिंगाची का होऊ नये? भिंग ही वस्तू आहे, कलाकृती नव्हे, असा आक्षेप कोणी घेईल आणि तो मला अंशतः मान्य आहे. परंतु सतारीचा भोपळा हीदेखील वस्तूच असते, आणि तो कसा पारखावा याविषयी सतारिये रात्र रात्र बोलू शकतात. ज्या साधनातून आपण आपली माणसे पाहतो आणि पुढच्या पिढीसाठी ठेवून जातो, त्याचे गुणदोष दिवाळीच्या निवांतपणात तपासून पाहिले, तर सरस्वती काही रुसणार नाही.

प्रस्तुत भिंग फुजीफिल्म कंपनीचे आहे. 'एक्सएफ ३५ मिलिमीटर एफ २' असे त्याचे रुक्ष नाव. २०१५ च्या ऑक्टोबरात ते जाहीर झाले. वजन १७० ग्रॅम, व्यास ६० मिलिमीटर, लांबी सुमारे ४६. फराळाच्या ताटातल्या बेसनाच्या लाडवाशेजारी ठेवले तर फारसे मोठे दिसणार नाही. आत नऊ काचा आहेत. ते झूम होत नाही, म्हणजे वस्तू जवळ ओढण्याची किंवा दूर ढकलण्याची सोय त्यात नाही. अशा एकमार्गी भिंगाला या व्यवसायात 'प्राइम' म्हणतात. पुढे जायचे असेल तर पायांनी जावे, हा त्याचा पहिला धडा.

ते ज्या कॅमेऱ्याला लागते त्याला 'मिररलेस' म्हणतात. पूर्वीच्या मोठ्या कॅमेऱ्यात भिंगामागे एक तिरका आरसा असे. तो प्रतिमा वर, डोळ्याकडे पाठवी आणि चित्र घेताना खाडकन् उचलला जाई. २००८ पासून हा आरसाच काढून टाकलेले कॅमेरे बाजारात येऊ लागले. आरशाला लागणारी जागा वाचली, कॅमेरा पातळ झाला आणि त्याला शोभेल अशी लहान भिंगेही आली.

आता 'स्टँडर्ड' या शब्दाविषयी. १९२५ साली लाइपझिगच्या जत्रेत ऑस्कर बार्नाकचा लायका कॅमेरा लोकांसमोर आला, तेव्हा त्यावर ५० मिलिमीटरचे भिंग होते. त्याच्या फिल्मवरील चौकट ३६ बाय २४ मिलिमीटरची; तिचा कर्ण सुमारे ४३ भरतो. भिंगाचे नाभीय अंतर या कर्णाच्या आसपास असले, की चित्रातले जग फार ताणलेले वाटत नाही आणि फार आवळलेलेही वाटत नाही. फुजीच्या कॅमेऱ्यातील चौकट लहान आहे, म्हणून तिथले ३५ हे लायकाच्या हिशेबाने सुमारे ५३ होतात. 'हे भिंग माणसाच्या डोळ्यासारखे पाहते' असे विक्रेते नेहमी सांगतात. ते अर्धेच खरे. आपला डोळा याहून कितीतरी रुंद पाहतो. मात्र पाहता पाहता ज्या भागावर आपले लक्ष ठरते, तो भाग साधारण एवढाच असतो. हे भिंग डोळ्याची नव्हे, लक्षाची नक्कल करते, असे म्हटले तर ते सत्याच्या अधिक जवळ जाईल.

वर्षभर मी ते घेऊन आमच्या रायगडच्या किनाऱ्यावर हिंडलो. ओहोटीला अलिबागच्या कुलाबा किल्ल्यात चालत गेलो; रघुजी आंग्र्यांनी १७५९ साली बांधलेल्या गणपतीच्या देवळासमोर उन्हाला टेकून बसलेली म्हातारी माणसे टिपली. पहाटे कोळीवाड्यात गेलो. बांबूंच्या मांडवावर बोंबील टांगणाऱ्या बायका मोठे नळकांडे पाहिले की पदर सावरतात आणि हात थांबवतात. हे भिंग पाहून एकीने विचारले, "एवढ्याशात काय दिसतंय तुमाला?" आणि उत्तराची वाट न पाहता ती कामाला लागली. मला तेच हवे होते.

जिथे ते हरले, तेही सांगतो. राजपुरीच्या धक्क्यावरून जंजिरा घेतला, तर पाण्यात पडलेल्या बिस्किटाएवढा आला. शिडाच्या होडीतून तटाशी गेलो, तेव्हा तट चौकटीत मावेना. मराठ्यांच्या आरमाराला जो किल्ला अखेरपर्यंत मिळाला नाही, तो माझ्या १७० ग्रॅमच्या भिंगाला कसा मिळावा? किल्ले, देखावे, पक्षी आणि चाळीस जणांचे कुटुंबचित्र यांसाठी हे भिंग नाही. हा दोष नव्हे, मर्यादा आहे. पण घेणाऱ्याला ती आधी ठाऊक असावी.

दोष निराळे आहेत. त्याच्या काचा सरळ रेषांना किंचित फुगवटा देतात आणि तो कॅमेऱ्यातील गणित मागाहून पुसून टाकते. जुन्या कारागिरांना ही लबाडी वाटेल. मला ती किंमत आणि आकार यांच्याशी केलेली तडजोड वाटते. पूर्ण उघड्या छिद्रावर, अगदी जवळच्या वस्तूवर रोखले, तर चित्रावर मऊपणाची साय धरते. छिद्र थोडे मिटून २.८ वर आणले की ती जाते. हात हलला तर सावरून घेण्याची योजना भिंगात नाही. फोकसचे कडे फिरवताना आपण काचा फिरवत नसून मोटारीला विनंती करीत असतो, हेही बोटांना जाणवते. २०१२ साली आलेला त्याचा थोरला भाऊ १.४ पर्यंत उघडतो, म्हणजे याच्या दुप्पट उजेड आत घेतो. काळोखात चित्रे काढणाऱ्याने त्याचाच विचार करावा. उलट धाकटे भिंग फोकस साधताना अधिक चपळ आणि शांत आहे, आणि पाण्याच्या शिंतोड्यांपासून व धुळीपासून बचाव करणारी बांधणी फक्त त्याला मिळाली आहे.

आमच्याकडे हा शेवटचा गुण फार मोलाचा. खिडकीच्या गजांना दर दोन वर्षांनी रंग द्यावा लागतो, अशा गावात मी राहतो. पूर्वी माझे एक चांगले भिंग मी एका पावसाळ्यात कपाटात ठेवून विसरलो; गणपतीत काढले, तर आतल्या काचेवर बुरशीची जाळी पसरलेली. दोष कोणाचाच नव्हता, माझाच होता. तेव्हा एवढे सांगून ठेवतो: शिंतोड्यांपासून संरक्षण म्हणजे बुडवण्याची परवानगी नव्हे, कॅमेराही तशाच बांधणीचा असेल तरच तिचा उपयोग, आणि समुद्रावरून आल्यावर भिंग बाहेरून किंचित ओलसर, मग कोरड्या फडक्याने पुसून, ओल शोषणाऱ्या पुड्यांसह घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावे. तांदळात ठेवू नये. त्याची भुकटी सांध्यांत शिरते.

"पण खिशात मोबाइल असताना हा खटाटोप कशाला?" असे माझा मुलगा विचारतो. प्रश्न रास्त आहे. मोबाइलचे मुख्य भिंग बहुधा रुंद कोनाचे असते. त्यात चेहरा भरून घ्यायचा तर अगदी जवळ जावे लागते, आणि इतक्या जवळून पाहिले की नाक आधी घरात शिरते, कान मागून येतात. चेहऱ्याचे प्रमाण भिंगाने बिघडत नाही, अंतराने बिघडते. भिंग फक्त आपल्याला कुठे उभे राहायचे ते सांगते. प्रस्तुत भिंग सांगते: सुमारे सव्वा मीटरवर बस. तेवढ्यात उभ्या चौकटीत माणसाचा चेहरा, खांदे आणि मांडीवरचे हात येतात. हे अंतर मला ओळखीचे वाटले. ओटीवर दोन माणसे बोलायला बसतात, तेव्हा त्यांच्यात एवढेच असते.

त्याची खरी परीक्षा गेल्या भाऊबिजेला झाली. वडील गेल्यापासून त्यांच्या जागी चौलला आत्याकडे मी जातो. आत्या आता शहाऐंशी वर्षांची आहे. आमच्या अल्बमात ती प्रत्येक लग्नात आहे आणि प्रत्येक लग्नात तिचा चेहरा एकच आहे: ओठ मिटलेले, हनुवटी वर, नजर फोटोवाल्यावर. तो चेहरा तिने फोटोसाठी राखून ठेवलेला आहे. घरात मी तो कधीच पाहिला नाही.

त्या संध्याकाळी ती पडवीत बसून निरांजनासाठी फुलवाती वळत होती आणि वाडीतल्या सुपारीला यंदा कशी गळ लागली ते सांगत होती. मी समोर बसलो होतो. उजेड एका दिव्याचा आणि एका वातीचा. छिद्र २.८ वर ठेवून, बोलता बोलता मी सहा-सात चित्रे घेतली. शटर वाजले नाही, तिचे बोलणेही थांबले नाही. नंतर तिने मला ओवाळले आणि "फोटो काढायचा राहिलाच की रे!" म्हणून हनुवटी वर केली. तोही मी काढला.

तुळशीच्या लग्नानंतर दोन्ही छापून नेले. ओवाळतानाचा तिने पाहून बाजूला ठेवला. दुसरा मात्र खिडकीशी धरून बराच वेळ पाहिला. तिला वाचायला आता त्रास होतो, म्हणून मी म्हटले, "आत्या, तूच आहेस ती."

"मी कुठली?" ती म्हणाली. "आई आहे रे ही. वाती वळायला अशीच बसायची."

माझ्या आजीचे एकही छायाचित्र घरात नाही. मी तिला पाहिलेले नाही.

याचे श्रेय भिंगाला किती द्यावे? समीक्षकाने इथे भावनेला आवर घातला पाहिजे. वात, पडवी आणि सुपारीची गळ यांचे श्रेय त्याचे नाही. दुसऱ्या भिंगातूनही तो चेहरा आला असता, पण त्यासाठी मला अंगणात जाऊन उभे राहावे लागले असते, किंवा तिच्या नाकाशी जावे लागले असते. आणि मग ती सुपारीविषयी बोलली नसती. या भिंगाने मला माझ्या जागेवरून उठवले नाही. साधनाकडून याहून अधिक अपेक्षा करणे मला योग्य वाटत नाही.

तेव्हा निर्णय असा. ज्याला किल्ले आणि बगळे टिपायचे आहेत, त्याने हे घेऊ नये. ज्याला मोबाइलवर समाधान आहे, त्याने ते समाधान विकत मोडू नये. परंतु ज्याच्या घरी वाती वळणारे कोणी आहे, त्याने हे किंवा या जातीचे दुसरे कोणतेही लहान, मध्यम भिंग घ्यावे. आणि ते मिळेपर्यंत, असलेल्या कॅमेऱ्यानेच, सव्वा मीटरवर बसून त्या माणसाशी बोलायला सुरुवात करावी. भाऊबीज जवळच आहे.