'तू', 'तुम्ही' आणि 'वोस'

स्पॅनिश साहित्य मराठीत आले ते बहुधा इंग्रजीच्या वाटेने. या वाटेवर पहिली हानी होते ती संबोधनाची. इंग्रजीला एकच 'यू' पुरतो. स्पॅनिशमध्ये मात्र 'तू', 'वोस' आणि 'उस्तेद' यांतून माणसामाणसांतील अंतर व्यक्त होते. 'उस्तेद' हे 'वुएस्त्रा मेर्सेद' या आदरार्थी पदबंधाचे झिजलेले रूप. सेर्व्हान्तेसच्या 'दोन किहोते'त (१६०५, १६१५) सांचो आपल्या धन्याला त्या मूळ रूपानेच संबोधतो. एकेकाळी आदरार्थी असलेले 'वोस' स्पेनमध्ये लोपले; अर्जेंटिनात ते जिव्हाळ्याचे झाले. हूलिओ कोर्तासारच्या 'रायुएला'तील (१९६३) नायक पॅरिसमध्ये राहतानाही या 'वोस'मधून आपला मुलूख सोबत वागवतो.

बेंगळुरूच्या इलेक्ट्रॉनिक सिटीत एखादा मराठी अभियंता कामापुरती स्पॅनिश शिकतो, तेव्हा हा भेद त्याला परका वाटू नये. 'तू', 'तुम्ही', 'आपण' ही श्रेणी त्याने घरातच आत्मसात केलेली असते. इंग्रजीत हरवलेले अंतर थेट अनुवादातून मराठीत परत येऊ शकेल.

मात्र मराठी 'तू' जवळीक देईल, मुलूख देणार नाही. 'वोस'साठी कोल्हापुरी बोली योजावी, तर ब्वेनोस आयरेस पंचगंगेकाठी येईल. म्हणून स्पॅनिशच्या अध्यापनात 'वोस' तळटीपेपुरते उरता कामा नये. ते कोण, कोठे आणि कोणाला म्हणतो, हे जाणल्यावाचून अनुवादकाला या कादंबरीतील नायकाचा परदेशीपणा ऐकू येणार नाही.